चकचकीत एलपींचा लॉट घेताय?

जुन्या एलपी, म्हणजे ग्रामोफोनच्या लाँग-प्ले तबकड्या, विकणाऱ्या पुण्यातल्या एका दुकानदाराने फोटोंवर भरवसा ठेवून 120 एलपींचा लॉट घेतला. बहुतेक शास्त्रीय गायन, किंमत 48,000 रुपये, निम्मे पैसे आगाऊ. फोटोत तबकड्या आरशासारख्या. माल आला, उरलेले पैसे गेले, तरी कुणाला संशय नाही. रविवारी नेहमीची मंडळी दुकानात ऐकायला जमली तेव्हा बिंग फुटलं. बडा ख्याल बरा वाजला. बाजू संपत आली तसा तानांवर आवाज फाटू लागला.

एलपीच्या बाहेरच्या कडेला खाच सुईखालून सेकंदाला सुमारे 50 सेंटिमीटर सरकते, लेबलजवळ जेमतेम 21. तेवढाच आवाज तिथे दाटीवाटीने कोरलेला असतो, म्हणून झीज आधी तिथेच ऐकू येते. जुन्या घरगुती प्लेअरचा सिरॅमिक पिकप (सुई बसवलेला भाग) खाचेवर पाच-सहा ग्रॅम भार टाकायचा. आजच्या मॅग्नेटिक पिकपला, म्हणजे कार्ट्रिजला, साधारण दोन ग्रॅम पुरतात. झिजलेली खाच तिरप्या उजेडात राखाडी दिसते. ती लपवायला इथे तेल चोळलं होतं. पांढरं सुती फडकं फिरवल्यावर पिवळट, चिकट पट्टा उमटला आणि वास चक्क खोबरेलाचा! अशा तेलात धूळ बसते आणि सुईच्या टोकाला तिचा गोळा होतो.

तेल निघतं: डिस्टिल्ड वॉटर, भांड्यांच्या लिक्विडचे दोन थेंब, मऊ ब्रश खाचेच्या दिशेने, लेबल कोरडं ठेवून. झीज निघत नाही. (78 आरपीएमच्या तबकडीला मात्र स्पिरिट लावू नका, लाख विरघळते.)

शिवाय 17 कव्हरांत भलत्याच एलपी निघाल्या. एचएमव्हीच्या शास्त्रीय एलपींच्या क्रमांकाआधी ईएएलपी म्हणजे मोनो, ईएएसडी म्हणजे स्टिरिओ. कव्हरवर एक आणि लेबलवर दुसरं असेल तर अदलाबदल झालीच समजा. विक्रेत्याने कव्हरांचे आणि लेबलांचे फोटो वेगवेगळे पाठवले होते, ते उगीच नव्हे. दोन्ही एकाच फोटोत मागा. दिव्याखाली तिरपी धरलेली तबकडी आणि प्रत्येक बाजूची शेवटची दोन मिनिटं, न थांबवता, व्हिडिओवर मागा. टाळाटाळ झाली तर आगाऊ एक रुपयाही देऊ नका.

इथे उत्तर मिळालं, ‘जुना माल आहे, चालायचंच.’ मग फोन बंद. पैसे ऑनलाइन गेले असतील तर 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर लगेच तक्रार करा आणि लॉट धुवायच्या आधी त्या तेलकट फडक्याचे फोटो काढून ठेवा.