यूपीएस की एनपीएस? महागाईच्या बाजूनं बघितलं तर

पोस्टात किंवा रेल्वेत नव्यानं लागलेली बेळगाव, खानापूर, निपाणीकडची मुलं हमखास हा प्रश्न विचारतात: केंद्र सरकारी नोकरीतल्या दोन पेन्शन योजनांपैकी यूपीएस (एकीकृत पेन्शन योजना) घ्यावी की एनपीएस (राष्ट्रीय पेन्शन प्रणाली)? हजर झाल्यापासून ३० दिवसांत पर्याय द्यायचा असतो. काहीच कळवलं नाही तर एनपीएस लागू होते. मी स्वतः २०२५ मध्ये एनपीएस सोडून यूपीएस घेतली, तेव्हा माझा कल कुठे आहे ते धरूनच पुढचं वाचा. राज्य सरकारच्या नोकरीत असलेल्यांनी यावरून हिशेब करू नये.

पगारातली कपात दोन्हीकडे सारखीच. सरकारचा वाटा मात्र वेगळा. एनपीएसमध्ये १४ टक्के, आणि ते सगळे तुमच्या खात्यात. यूपीएसमध्ये १८.५ टक्के, पण त्यातले १०च तुमच्या नावावर, बाकीचे सामायिक निधीत. निवृत्तीला साठलेल्या पैशांपैकी ६० टक्क्यांपर्यंत रक्कम एकदम हातात घेता येते, ही एनपीएसची मोठी सोय. घर बांधायचं असेल, डोक्यावर कर्ज असेल, तर तिचं मोल मोठं आहे.

मला खटकलं ते उरलेल्या ४० टक्क्यांचं. त्यांची अॅन्युइटी, म्हणजे विमा कंपनीकडून आयुष्यभर मिळणारी पेन्शन, घ्यावी लागते, आणि साध्या अॅन्युइटीत पहिल्या महिन्याला जो आकडा येतो तोच शेवटपर्यंत. दरवर्षी ३ टक्क्यांनी वाढणारा प्रकारही मिळतो, पण त्याची सुरुवात कमी रकमेनं होते आणि वाढ धरतात ती मूळ रकमेवरच.

न हलणारा आकडा काय करतो ते मी घरात बघितलंय. आमचे काका उद्यमबागेतल्या फाउंड्रीतून निवृत्त झाले. त्यांना भविष्यनिधीची, म्हणजे ईपीएसची पेन्शन. तिला महागाईची जोडच नाही, किमान पेन्शनसुद्धा २०१४ पासून १,००० रुपयांवरच आहे. काका निवृत्त झाले तेव्हा पेन्शनीत महिन्याचा किराणा आणि बीपीच्या गोळ्या दोन्ही भागायचं. आता गोळ्या आणल्या की किराण्याचे पैसे मुलाकडून. पासबुकावर एंट्री मारून आणतात, पण बघायचं काही नसतं, त्याच आकड्याखाली तोच आकडा. त्याच घरात आजीला आजोबांची जुनी केंद्रीय फॅमिली पेन्शन येते आणि तिची रक्कम सरकत राहते. माझा निर्णय या दोन पासबुकांनीच केला.

यूपीएसमध्ये २५ वर्षं भरली की शेवटच्या १२ महिन्यांच्या सरासरी मूळ वेतनाच्या निम्मी रक्कम मिळते, आणि तिच्यावर नोकरीत असलेल्यांच्याच दरानं महागाई दिलासा, म्हणजे पेन्शनवरचा महागाई भत्ता. जुलै २०२५ पासूनचा दर ५८ टक्के होता. म्हणजे ३०,००० च्या पेन्शनीचे तेव्हा ४७,४०० व्हायचे. हा दर वर्षातून दोनदा, जानेवारी आणि जुलैपासून बदलतो, तोही औद्योगिक कामगारांच्या किंमत निर्देशांकावरून. देशातल्या ज्या ८८ केंद्रांवरून तो निघतो त्यात आपलं बेळगावही आहे. अर्ज करा, मोर्चा काढा, असलं काही लागत नाही.

अर्थात शेवटी हातात सरकारच्याच. जानेवारी २०२० ते जून २०२१ या काळात महागाई दिलाशाचे हप्ते गोठवले होते, त्याची थकबाकी आजीला मिळाली नाही. पण जुलै २०२१ मध्ये दर १७ वरून एकदम २८ टक्क्यांवर आला. अॅन्युइटीत असं भरून निघणं नाही.

ज्यांची सेवा दहा वर्षंही भरणार नाही, किंवा ज्यांना मधेच राजीनामा देऊन खासगीत जायचंय, त्यांनी एनपीएसच धरावी असं मला वाटतं, कारण दहा वर्षांच्या आत किंवा राजीनाम्यावर यूपीएसची खात्रीची रक्कम मिळत नाही. नवरा-बायको दोघांच्या पश्चात मुलांसाठी मोठी रक्कम ठेवायची असेल, तरीही एनपीएस बरी.

बाकीच्यांना मी एवढंच सुचवेन, की यूपीएसमधून एनपीएसमध्ये एकदा जाता येतं, निवृत्तीच्या किमान एक वर्ष आधीपर्यंत. ३० दिवस उलटून एनपीएसमध्ये राहिलात, तर उलट यायची वाट आज तरी बंद आहे.