गल्लीच्या जत्रेचं मटण: चूल की गॅसची भट्टी?

आषाढ लागला की कोल्हापुरात मंगळवार-शुक्रवार धरून गल्लोगल्ली त्र्यंबोलीची, म्हणजे टेंबलाई देवीची, जत्रा सुरू होते. पंचगंगेचं नवं पाणी कलशात भरायचं, पी ढबाक वाद्यांच्या तालावर टेंबलाईच्या टेकडीवर नेऊन देवीच्या पायरीवर ओतायचं, आणि मग गल्लीत मटणाची पंगत बसवायची. पाण्याबद्दल आणि पंगतीबद्दल कुणाचं दुमत नसतं. वाद होतो तो आठवडाभर आधी, वर्गणीच्या बैठकीत. यंदा चुलीवर करायचं, की भट्टी भाड्यानं आणायची?

मी या वादात दोन्ही बाजूंनी भांडलोय. आधी सात वर्षं आमच्याकडं चूलच होती, मग चार वर्षं गॅस, आणि गेली तीन वर्षं पुन्हा चूल. सोडलेली गोष्ट परत का धरली, ते सांगतो. सव्वाशे माणसं, तीस-बत्तीस किलो मटण, दोन मोठी जर्मनची (अ‍ॅल्युमिनियमची) पातेली आणि एक मध्यम, वरून पाऊस, एवढं गृहीत धरलंय. माणशी पाव किलोचा हिशेब, किलोला कांदा किती, चटणी किती, हे तुम्हाला ठाऊक असणारच. नसेल तर घरात आईला विचारा, माझ्यापेक्षा बरं सांगेल.

आधी चवीचं उरकतो, कारण चुलीच्या बाजूनं बोलणारा प्रत्येक जण तिथूनच सुरुवात करतो. ‘चुलीवरच्या मटणाला धुराची एक चव असते, ती गॅसला यायची नाही.’ मला शंका आहे. पातेल्यावर परात झाकलेली, परातीत पाणी ओतलेलं, आत वाफ कोंडलेली. धूर शिरणार कुठून? आणि थोडाफार शिरला तरी अडीच किलो कांदा-लसूण चटणी पडलेल्या तांबड्या रश्शात त्याला विचारतो कोण? गॅसच्या पहिल्या वर्षी आम्हाला भट्टी एकच मिळाली होती, म्हणून एक पातेलं गॅसवर आणि एक चुलीवर असं शिजलं. मटण एकाच दुकानातलं, चटणी एकाच डंकावरची, वाटण एकाच घरातलं. पंगतीत ‘चुलीचं ते चुलीचंच!’ असं मोठ्यानं म्हणून बोटं चाटणाऱ्या काकांच्या वाटीत मी स्वतः गॅसवरचा रस्सा ओतला होता. त्यांना आजतागायत सांगितलेलं नाही.

फरक मला जाणवला तो शिजून झाल्यानंतरचा. लाकडं ओढून घेतली तरी चुलीत निखारे राहतात. पातेलं त्यावर तासभर नुसतं बसून असतं, हलत नाही, उकळत नाही. तेवढ्यात कट वर येऊन लालभडक थर धरतो आणि हाडाजवळचं मटण मुरतं. गॅस बंद केला की पातेलं गार व्हायला लागतं. मग दुसऱ्या पंगतीला पुन्हा पेटवा, पुन्हा उकळी आणा, आणि कोवळ्या पालव्याचं, म्हणजे लहान बकऱ्याचं, मटण असेल तर तोवर त्याचा पार गाळ होतो. पण हा फरक मंद आचेची सवय असलेला माणूस गॅसवरही भरून काढू शकतो. तेवढ्यासाठी मी चुलीकडं परतलो नसतो.

चुलीचा त्रास काय, हे ज्यानं आषाढात ती पेटवलीय त्याला विचारा. धूर वर जातच नाही. ताडपत्रीला धडकतो, खाली बसतो आणि गल्लीभर फिरतो. वरच्या मजल्यावरच्या काकूंच्या दोरीवरचे कपडे आठ दिवस आमच्या मटणाची आठवण काढतात. आमच्या शेजारी एक दम्याचे आजोबा होते. जत्रेच्या दिवशी त्यांना लेकीकडं पाठवायला लागायचं, आणि गॅस आणायचं मूळ कारण तेच होतं. मग ओली लाकडं. जून-जुलैत वखारीतून आणलेलं लाकूड फुसफुसतं, डोळे लाल करतं आणि आच देत नाही. त्यावर उपाय एकच, उन्हाळ्यातच बाभळीची लाकडं आणून जिन्याखाली रचून ठेवायची. साठ-सत्तर किलो पुरतात. पेटवायला पांढऱ्या रश्शासाठी फोडलेल्या नारळांच्या करवंट्या आयत्याच असतात.

गल्लीत आता पेव्हिंग ब्लॉक आहेत, हे चुलीवाल्यांनी विसरू नये. आम्ही एकदा ब्लॉकवरच विटा मांडून जाळ केला. अर्ध्या तासानं एक ब्लॉक फटाक्यासारखा वाजला आणि त्याचा तुकडा एका पोराच्या नडगीला लागला. पातेलं कलंडलं नाही ही देवीचीच कृपा. आता चार बोटं वाळू, वर पत्रा, मग विटा. पातेल्याला बाहेरून मातीचा लेप न देता चुलीवर चढवणाऱ्याला दुसऱ्या दिवशी घासायला बसवायचं, म्हणजे पुढच्या वर्षी तो विसरत नाही.

या सगळ्यापुढं गॅस म्हणजे सुख. भट्टी आली, नळी जोडली, पेटवली. धूर नाही, राख नाही, पातेल्याचं बूड चकचकीत. एकोणीस किलोच्या एका टाकीत सगळा स्वयंपाक होतो. फक्त एकाच टाकीवर दोन-तीन भट्ट्या मोठ्या करून लावल्या तर ती गारठते. आतला द्रव गॅस होताना लागणारी उष्णता टाकीच्या पत्र्यातूनच ओढली जाते, त्यामुळे बाहेरून आधी घाम आणि मग पांढरं बर्फ धरतं. टाकीतलं ब्युटेन शून्य अंशाच्या आसपास गॅस व्हायचं थांबतं, आणि ऐन उकळीला ज्योत मलूल होते. अशा वेळी टाकीवर कढत पाणी ओतणारे बहाद्दर मी पाहिलेत. तुम्ही तसं करू नका. दुसरी टाकी आणून भट्ट्या वाटून टाका, प्रश्न मिटतो. हा दोष पैशानं सुटणारा आहे, म्हणून त्याला मी फार धरत नाही.

मी धरतो तो आवाज.

ज्यांनी मोठी भट्टी पूर्ण सोडून तिच्याशेजारी दोन तास काढलेत, त्यांना वेगळं सांगायला नको. एखादी मोटार चालू ठेवून तिच्या कानाशी बसल्यासारखी ती घोंघावते. अशा तीन भट्ट्या, वर ताडपत्री, दोन्हीकडं भिंती. शेजारचा माणूस काय बोलतो ते कळत नाही, आणि पातेलं काय म्हणतंय ते तर नाहीच नाही.

आमच्या गल्लीत एक आण्णा होते. तरुणपणी गुऱ्हाळावर गुळव्या म्हणून राबलेले. काहिलीतला रस नुसत्या आवाजावरून ओळखायचो, असं सांगायचे. पहिल्या सात वर्षांत मटणाच्या पातेल्याशी ते पाट टाकून बसायचे आणि झाकण क्वचितच उघडू द्यायचे. ‘ऐक की,’ म्हणायचे. अळणी पाणी, म्हणजे बिनतिखटाचं मटण शिजायचं पाणी, चढलं की आधी खळखळ. चरबी सुटली की आवाज जड होतो, रटरट. तांबड्याचं वाटण पडलं की क्षणभर गप्प, आणि मग बुडाजवळून फद् फद् असा एकेक बुडबुडा. त्या फदफदीत मधेच चर्र आलं की वाटण खाली धरायला लागलंय. तेव्हा पळी फिरवली तर वाचतं, मिनिटभरानं फिरवली तर उशीर झालेला असतो. हे मला त्यांच्याकडून आलं. मला थर्मामीटर कळत नाही आणि सव्वाशे लोकांच्या रश्शाला घड्याळही लागू पडत नाही. बकरं जून की कोवळं यावर अर्धा तास इकडं-तिकडं होतो.

गॅसच्या तिसऱ्या वर्षी पांढरा भट्टीवर ठेवला. पंचवीस नारळांचं दूध, त्यात काजू, खसखस आणि पांढऱ्या तिळाचं वाटण, खाली गाळलेलं अळणी. पांढरा उकळायचा नसतो, नुसता तापवायचा, हे सगळे जाणतात. पण भट्टीची ज्योत बुडाच्या मधोमध एकाच वर्तुळात लागते, आणि जर्मनचं बूड पातळ. वाटण तिथंच जाऊन बसतं. ढवळायला एक कॉलेजातलं पोरगं होतं, गुणी, सांगेल ते ऐकणारं. मी पाच हातांवर रक्तीच्या (बकऱ्याच्या रक्ताच्या भाजीच्या) कढईशी होतो. वाऱ्याबरोबर नाकाशी करपल्याचा बारीकसा वास आला आणि माझ्या पोटात गोळा आला. खाली लागलेलं पातेलं ढवळायचं नसतं. वरचं अलगद दुसऱ्या पातेल्यात ओतून घ्यायचं, तळाला हात लावायचा नाही, म्हणजे बरंच वाचतं. मी जीव तोडून ओरडलो, ‘ढवळू नको!’

भट्टीच्या घोंघाटातून त्याच्यापर्यंत पोचलं ते ‘ढवळ’.

त्यानं माझ्याकडं बघून मान डोलावली, दोन्ही हातांनी उलथनं धरलं आणि बुडापासून खरवडून काढलं. पांढऱ्यावर काळे कण तरंगायला लागले. मी पोचेस्तोवर त्यानं आणखी तीन वेळा फिरवलं होतं. वास सगळ्या पातेल्यात गेला. खोबऱ्याच्या दुधाला एकदा करपट वास लागला की वेलदोडा घाला, मिरी घाला, तो जात नाही. त्या वर्षी सव्वाशे माणसांनी तांबड्याबरोबर अळणीच पिलं. कुणी बोललं नाही. कोल्हापुरात जत्रेला पांढरा नाही आणि कुणी बोलत नाही, याहून वाईट काय असणार? ते पोरगं अजून माझ्याकडं बघून हसत नाही, आणि चूक त्याची नव्हतीच.

चौथ्या वर्षी आम्ही हातवारे ठरवून घेतले. तळहात खाली म्हणजे बारीक कर, मूठ म्हणजे थांब. पण पातेल्याला हातवारे करता येत नाहीत. मी दर पाच मिनिटांनी झाकण उघडून बघत राहिलो, वाफ घालवत राहिलो, आणि रात्री जेवायला बसलो तेव्हा कानात भट्टीच चालू होती. पुढच्या बैठकीत चुलीच्या बाजूनं पहिला हात माझा वर गेला. ज्या माणसानं दम्याच्या आजोबांचं नाव पुढं करून गॅस आणायला लावला होता, त्याचाच. आजोबा तोवर कायमचे लेकीकडं राहायला गेले होते, हेही प्रामाणिकपणे सांगायला हवं. ते असते तर मी हात वर केला असता का, माहीत नाही.

गॅसवाले म्हणतील, बुडाखाली जाड लोखंडी तवा टाक, ज्योत पसरते. बरोबर आहे, टाकून पाहिलाय, खाली लागणं कमी होतं. लहान भट्टी आण, आवाज कमी होतो. तेही खरं, पण तिच्यावर मोठ्या पातेल्यातलं पाणी उकळीला येईपर्यंत पोरांच्या भाकऱ्या चटणीबरोबरच संपतात. केटरिंगवाले वर्षभर भट्टीवरच करतात आणि झकास करतात, कारण त्यांचा हात त्या घोंघाटात तयार झालेला असतो. आपण वर्षातून एकदा पातेल्याशी बसणारी माणसं. आपल्याला कान लागतो, असं मला आपलं वाटतं. एखाद्याचं नाक तिखट असेल तर त्याचं गॅसवरही निभावेल.

सध्या आमच्याकडं असं चालतं. अळणी आणि तांबडा चुलीवर. सुकं मटण तांबडा उतरल्यावर उरलेल्या जाळावर. पांढरा मात्र चुलीवर नाही, कारण निखारा पटकन कमी करता येत नाही आणि दूध फुटायला तेवढं पुरतं. तो तळमजल्यावरच्या तीन घरांत घरच्या शेगडीवर, तीन भांड्यांत होतो. शेगडीचा गॅस आवाज करत नाही, आणि त्या तिन्ही घरांतल्या बायका माझ्याहून जास्त ऐकतात. भाताला एक भट्टी अजूनही आणतो. ती कोपऱ्याच्या पलीकडं लावतो.

धूर आहेच. गेल्या वर्षी काकूंना आदल्या दिवशीच सांगितलं, कपडे आत घ्या. त्यांनी घेतले, आणि पहिली वाटी त्यांच्याकडं पाठवली.

तुमची गल्ली अरुंद असेल, कुणाला दमा असेल, किंवा पंगत इमारतीच्या गच्चीवर असेल, तर चुलीचा विषयच काढू नका. गच्चीच्या स्लॅबवर जाळ करायचा नाही. तिथं गॅसच. फक्त भट्टी गच्चीच्या एका टोकाला लावा, पांढरा खाली कुणाच्या तरी स्वयंपाकघरात करा, आणि ढवळणाऱ्याला आधीच सांगून ठेवा की काहीही ऐकू आलं तरी आधी थांबायचं, मग विचारायचं.