जुलाबात शहाळं की ओआरएस?

जुलाबाने गळून गेलेल्या सासऱ्यांना काय द्यावं, असं एका ताईंनी विचारलंय.

आधी सोडियम, म्हणजे मिठातला क्षार, कारण जुलाबात तेच जास्त जातं. डब्ल्यूएचओच्या (जागतिक आरोग्य संघटनेच्या) सूत्राच्या ओआरएसमध्ये, म्हणजे क्षार-साखरेची पुडी कालवलेल्या पाण्यात, लिटरला ७५ मिलिमोल सोडियम आणि तेवढंच ग्लुकोज असतं. ग्लुकोजसोबत आतडं सोडियम आणि पाणी ओढून घेतं. शहाळ्यात सोडियम फारच कमी, पोटॅशियम मात्र भरपूर. मूत्रपिंड अधू असेल किंवा स्पायरोनोलॅक्टोन, रॅमिप्रिलसारख्या रक्तदाब-हृदयाच्या गोळ्या चालू असतील, तर हेच पोटॅशियम हृदयाला धोक्याचं.

खर्चात पुडी स्वस्त. कष्ट एवढेच, की मोठी पुडी लिटरभर पाण्यातच कालवायची. पेलाभर पाण्यात अर्धी पुडी अंदाजाने टाकू नका, हात जोडून सांगते. टेट्रापॅकमधली गोड पेयं म्हणजे ओआरएस नव्हे.

जुलाब-उलट्यांत ओआरएसच. मूत्रपिंड धडधाकट असेल तर उन्हातून आल्यावर शहाळं खुशाल प्या.

म्हातारं माणूस असंबद्ध बोलू लागलं, गुंगीत गेलं, तर शहाळं आणि ओआरएस दोन्ही बाजूला ठेवा आणि दवाखाना गाठा. अशा वेळी रक्तातलं सोडियम घसरलेलं असू शकतं; ते लिटरला १३५ ते १४५ मिलिमोल हवं. रक्तदाबाच्या थायझाइड गोळ्यांनीही ते उतरतं, आणि घाईने चढवलं तर मेंदूला इजा होते.