बरणीतला चर्मूला: मोरोक्कन मासळी सुपाला चालतो का?

मोरोक्कोत मासळी म्हटली की चर्मूला आलाच: कोथिंबीर, पार्सली, लसूण, जिरे, पाप्रिका, लिंबू, ऑलिव्ह तेल यांचं वाटण. तयार बरणीत मसाल्याचा अंदाज बरा असतो, पण हिरवा ताजेपणा जातो आणि आंबटपणा तेवढा पुढे येतो. म्हणून चौघांच्या सुपाला दोनच मोठे चमचे घ्या, उरलेली कसर मूठभर ताज्या कोथिंबिरीने भरून काढा.

कांदा-सेलरी तेलात मऊ झाली की 3 टोमॅटो किसून घाला, ते आटल्यावरच चर्मूला. आधी घातलात तर पाप्रिका करपते आणि सगळं सूप कडू. मग माशाच्या डोक्याकाट्यांचं 1 लीटर गाळलेलं पाणी, चिमूटभर केशर, 15 मिनिटं मंद उकळी. 500 ग्रॅम घोळ किंवा हेकरूचे जाड तुकडे अगदी शेवटी, 5-6 मिनिटं. ढवळायचं नाही, भांडं हलवायचं. बांगडा नकोच, त्याच्या वासापुढे केशर फुकट जातं.

मीठ सर्वांत शेवटी, चाखून. बरणीत ते सढळ असतं. मिठात मुरवलेलं लिंबू मिळालं तर फक्त साल बारीक चिरून वरून. आपलं मोहरी-तिखटाचं लोणचं इथे चालत नाही.