पगार-पेन्शनचा वाद: तक्रार निवारण समिती की उच्च न्यायालय?

निवृत्तीला चार महिने उरले असताना एक सहकारी सेवापुस्तक घेऊन माझ्यासमोर बसले. वर्ग तीनचे कर्मचारी, विद्यापीठात तीस वर्षं काढलेली. आश्वासित प्रगती योजनेच्या (बढती न मिळालेल्यांना ठरावीक वर्षांनी वरची वेतनश्रेणी देणारी योजना) जुन्या नोंदीवर लाल शाईची आडवी रेघ आणि खाली शेरा: 'अतिप्रदान, वसुली करावी', म्हणजे जादा दिलेला पगार परत घ्यावा. त्यांनी विचारलं, "समितीकडे अर्ज करू की थेट हायकोर्टात जाऊ?"

महाराष्ट्रातल्या अकृषी विद्यापीठांत आणि संलग्न महाविद्यालयांत हा प्रश्न अनेकांपुढे उभा राहतो. त्याचं उत्तर एका गोष्टीवर ठरतं: तुमचे पैसे अडवलेत कुणी, विद्यापीठाने की शासनाने?

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 च्या कलम 79 खाली प्रत्येक विद्यापीठात तक्रार निवारण समिती असते. खर्च कमी, ठिकाण जवळचं, आणि तक्रार शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावी अशी अपेक्षा. वेतनवाढ विनाकारण रोखली, रजेचा हिशेब चुकला, पेन्शनचा प्रस्ताव आस्थापना विभागातच पडून आहे, अशा कामांना ही वाट चांगली. पण शासनाविरुद्धची तक्रार या समितीला ऐकता येत नाही. वेतननिश्चिती शासनाच्या उच्च शिक्षण सहसंचालक कार्यालयात अडकली असेल किंवा मूळ शासन निर्णयच मागे घेतला गेला असेल, तर समितीपुढे जाऊन महिने वाया जातील. शिक्षकेतर कर्मचाऱ्यांच्या आश्वासित प्रगती योजनेत नेमकं हेच झालं. शासन निर्णय रद्द झाले, आणि ते पुन्हा लागू करा ही 2023 च्या संपातली एक प्रमुख मागणी होती.

विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाचा रस्ता वेगळा. बडतर्फी, सेवासमाप्ती किंवा पदावनती झाली असेल तर याच अधिनियमाच्या कलम 81 खाली तिथे अपील करायचं, आणि तेही तीस दिवसांत. इथे थेट हायकोर्टात गेलात तर आधी न्यायाधिकरणाकडे जा, असंच बहुधा ऐकायला मिळेल.

उच्च न्यायालयातल्या रिट याचिकेत, म्हणजे राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली, शासन आणि विद्यापीठ दोघांनाही प्रतिवादी करता येतं. हा तिचा सर्वांत मोठा फायदा. वकिलाची फी द्यावी लागते आणि वेळ किती जाईल ते सांगता येत नाही. शिवाय तिथे साक्षीपुरावे नोंदवत बसत नाहीत. तुमची बाजू कागदावर स्पष्ट दिसली पाहिजे.

वसुलीच्या प्रकरणात मात्र मी हायकोर्टाच्याच बाजूने कौल देईन, कारण कायदा बऱ्यापैकी स्पष्ट आहे. रफिक मसीह प्रकरणात (2014) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की वर्ग तीन-चारच्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्तांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, तसंच पाच वर्षांहून जास्त काळ दिल्या गेलेल्या जादा रकमेची वसुली करू नये. पण दोन गोष्टी आधी तपासा. जादा रक्कम परत करीन असं वचनपत्र तुम्ही वेतननिश्चितीच्या वेळी दिलं होतं का? जगदेव सिंग प्रकरणात (2016) अशा वचनपत्रामुळेच वसुली कायम राहिली. ते प्रकरण न्यायिक अधिकाऱ्याचं होतं, तरी प्रशासन त्याचा आधार हमखास घेतं. दुसरं म्हणजे, वसुली थांबली तरी वेतन खाली आणलेलं तसंच राहू शकतं आणि पेन्शन त्या कमी पगारावर बसते. म्हणून याचिकेत वेतननिश्चितीलाही आव्हान द्या. नुसती वसुली रद्द करून घेऊन घरी परतलेले लोक मी पाहिले आहेत, आणि त्यांचं दरमहाचं नुकसान बघून वाईट वाटतं.

आता थांबावं की जावं? बरेच जण म्हणतात, संघटनेची याचिका चालू आहे, निकाल लागला की आपल्यालाही मिळेल. हा भरवसा धोक्याचा आहे. अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरणात (2014) सर्वोच्च न्यायालयाने सारख्या परिस्थितीतल्या सगळ्यांना लाभ द्यावा हे तत्त्व मान्य केलं, पण वर्षानुवर्षं गप्प बसून दुसरे जिंकल्यावर जागे झालेल्यांना त्यातून वगळलं. पेन्शन कमी मिळणं ही दर महिन्याला नव्याने होणारी चूक असल्याने दावा मरत नाही, हे खरं. तरीही तरसेम सिंग निकालानुसार (2008) थकबाकी साधारणपणे याचिकेआधीच्या तीन वर्षांचीच मिळते. त्यापलीकडे केलेल्या उशिराचे पैसे बुडतात. संघटनेच्या याचिकेत नाव घालून घ्या. तुमची तारीख, पद किंवा आदेश वेगळा असेल तर स्वतंत्र याचिका करा.

1 नोव्हेंबर 2005 च्या अलीकडे-पलीकडे नेमणूक झालेल्यांनी तर स्वतंत्रच सल्ला घ्यावा. 1982 चे पेन्शन नियम (जुनी पेन्शन) की अंशदायी योजना (कर्मचाऱ्याच्याही वर्गणीवर चालणारी), हे नेमणुकीची तारीख कोणती धरली जाते यावर ठरतं, आणि नेट-सेट या पात्रता परीक्षा उत्तीर्ण नसलेल्या जुन्या प्राध्यापकांची लढाई त्यावरूनच झाली.

पेन्शन किंवा उपदान (ग्रॅच्युइटी) नुसतं रखडलं असेल तर आधी 1982 च्या नियमांतल्या 129-अ आणि 129-ब चा हवाला देऊन व्याजासह लेखी मागणी करा आणि आवक क्रमांकाची पोच घ्या.

आमच्या सहकाऱ्यांनी सेवापुस्तकाची साक्षांकित प्रत मागवली. वचनपत्र कुठेच सापडलं नाही. मग वकिलांकडे जाताना मीही त्यांच्यासोबत गेलो.