झँथन की स्टार्च? गिळताना ठसका लागणाऱ्यांसाठीच्या पावडरींचं परीक्षण

पाण्याचा घोट घेतला की ठसका लागतो, अशी तक्रार असलेल्या माणसाच्या घरी पेय दाट करणाऱ्या पावडरीचा डबा लवकरच येतो. डबे अनेक असले तरी आतला माल मुख्यतः दोनच प्रकारचा असतो: सुधारित स्टार्च (प्रक्रिया केलेलं पीठ) किंवा झँथन गम (जिवाणूंकडून बनवून घेतलेला डिंकासारखा पदार्थ). आमचा कौल झँथनला आहे, पण दोन अटींवर. त्रास घशातला असला पाहिजे, आणि दाटपणा नजरेने न ठरवता मोजून घेतला पाहिजे.

पहिली अट आधी, कारण तिथेच पैसे आणि वेळ सगळ्यात जास्त वाया जातात. पाणी जिभेवरून घशात झपकन सुटतं. स्वरयंत्र वर उचललं जाऊन श्वासमार्ग मिटायला उशीर झाला, तर तेच पाणी श्वासनलिकेत उतरतं. पक्षाघात, पार्किन्सन, स्मृतिभ्रंश, मोटर न्यूरॉन आजार, डोक्या-मानेच्या कॅन्सरसाठी घेतलेलं रेडिएशन ही यामागची नेहमीची कारणं. दाट पेय सावकाश सरकतं आणि स्नायूंना वेळ मिळतो. पावडरीचं काम एवढंच.

अडचण अन्ननलिकेत असेल, तर हीच पावडर निरुपयोगी ठरते, कधी त्रास वाढवतेही. ओळखायची कशी? घोट घेताच खोकला येतो, पाणी नाकातून परत येतं, गिळल्यावर आवाज ओला घरघरीत होतो, हे घशाचं लक्षण. गिळून काही सेकंद झाल्यावर छातीत अडकल्यासारखं वाटतं, ते अन्ननलिकेचं. आधी घट्ट पदार्थ अडकू लागले आणि पुढे पातळही अडकू लागलं, तर मार्ग अरुंद होत असल्याचा संशय घ्यावा: ॲसिडमुळे आलेला आकस (म्हणजे आखडून अरुंद झालेला भाग) किंवा गाठ. घट्ट आणि पातळ दोन्ही सुरुवातीपासूनच अडकत असतील, तर अकॅलेशियासारखा (अन्ननलिकेच्या खालची झडप नीट न उघडण्याचा) हालचालीचा दोष असू शकतो. रुग्ण गळ्याकडे बोट दाखवतो म्हणून दोष गळ्यातच असतो असं नाही. खाली अडकलेलंही वर जाणवतं. वजन उतरत असेल, उलटीत रक्त असेल किंवा अडथळा आठवड्यागणिक वाढत असेल, तर पावडर बाजूला ठेवून एंडोस्कोपीची वेळ घ्यावी. तिथले उपचारच वेगळे असतात. आकस असेल तर तो फुग्याने रुंद करतात, इओसिनोफिलिक (ॲलर्जीसारख्या प्रतिक्रियेतून होणारा) दाह असेल तर ॲसिड कमी करणारी औषधं किंवा गिळायचं स्टेरॉइड देतात, अकॅलेशिया असेल तर झडपेचा स्नायू कापतात.

त्रास घशातलाच ठरला, तरी दाटपणाची कोणती पातळी लागणार हे गिळण्याच्या तपासणीत कळतं. व्हिडिओफ्लुरोस्कोपीत बेरियम मिसळलेला घोट एक्स-रेवर चालताना दिसतो. फीस तपासणीत नाकातून बारीक कॅमेरा घालून घसा बघतात. या तपासण्या टाळू नयेत, कारण काहींच्या श्वासमार्गात पाणी जातं आणि खोकला मात्र येतच नाही. घरी बसून हे कुणाला कळणार?

आता डब्याकडे. स्टार्चची पावडर पेय गढूळ करते, चव पिठूळ लागते, आणि ग्लास तसाच ठेवला तर दाटपणा वाढत जातो. पाच मिनिटांपूर्वी बरोबर असलेलं पेय अर्ध्या तासाने चमच्याने खायच्या लायकीचं होतं. याहून वाईट दोष लाळेचा. लाळेतलं अमायलेज हे पाचक द्रव्य स्टार्च फोडतं. रुग्ण ग्लासाला ओठ लावून थोडं पितो, ग्लास खाली ठेवतो, प्रत्येक घोटाबरोबर थोडी लाळ परत आत जाते. तासाभराने बघा: वर पाण्यासारखा थर आलेला असतो. ज्याला पातळ चालत नाही, त्याच्या हाती आता पातळच आलं. झँथनवर अमायलेजचा परिणाम होत नाही, पाणी बऱ्यापैकी नितळ राहतं, ठरलेला दाटपणा टिकतो आणि पावडरही कमी लागते. बुळबुळीतपणा जाणवतो, तो आम्ही दोषांत धरतो. काहींना तो अजिबात सोसत नाही. मधुमेह असेल तर झँथनच्या डब्यावरही माल्टोडेक्स्ट्रिन (रक्तातली साखर वाढवणारी स्टार्चची भर) किती आहे ते वाचावं.

मिसळण्यात चूक झाली की चांगली पावडरही वाया जाते. काही कंपन्या कोरड्या ग्लासात आधी पावडर आणि वरून पेय ओतायला सांगतात, काही ढवळत्या पेयात पावडर भुरभुरवायला. डब्यावर असेल तेच करावं, आणि चमच्याऐवजी काट्याने ढवळावं. चमचा पावडर ढकलतो, काटा ती फोडतो. माप सपाट असावं, शिगोशीग नको, आणि दुसऱ्या कंपनीचं माप वापरू नये. पाण्याला एक-दोन मिनिटं पुरतात. दुधाला झँथन हळू लागतं. पाच-दहा मिनिटं थांबून पुन्हा ढवळावं लागतं. इथे हमखास घाई होते. दूध पातळ दिसलं म्हणून आणखी एक माप टाकलं जातं, आणि दहा मिनिटांनी त्याचा लगदा होतो. दाट झालेल्या पेयात वरून पावडर टाकली तर गुठळ्याच होतात; ते ओतून द्यावं, नवं करावं. बर्फ घालू नये, तो विरघळून पेय पातळ करतो. आइस्क्रीम आणि बरीचशी जेलीही तोंडात वितळून पाणीच होतात, हे लक्षात राहत नाही.

दुसरी अट मोजण्याची. आयडीडीएसआय या अन्न-पेयांचा दाटपणा ठरवणाऱ्या आंतरराष्ट्रीय मापपद्धतीच्या ० ते ७ पातळ्यांपैकी पेयांसाठी ० ते ४ वापरतात. लागते ती १० मिलीची सिरिंज, पण ० ते १० खुणांमधलं अंतर ६१.५ मिमी असलेलीच. दुसरी घेतली तर निकाल चुकतो. दट्ट्या काढा, टोक बोटाने बंद करा, १० मिलीपर्यंत भरा, बोट काढा, १० सेकंदांनी पुन्हा बंद करा. १ मिलीपेक्षा कमी उरलं तर पातळी ०, १ ते ४ मिली उरलं तर १, ४ ते ८ उरलं तर २, ८ पेक्षा जास्त उरलं पण थोडं तरी वाहिलं तर ३. काहीच वाहिलं नाही तर ४ असू शकते. ती काटा आणि चमच्याने पडताळतात. नवा डबा उघडला की ही चाचणी कराच, आणि पेय ज्या तापमानाला प्यायचं त्याच तापमानाला करा.

“जितकं दाट तितकं सुरक्षित” हा समज आम्हाला सगळ्यात जास्त खटकतो. फार दाट पेय घशाच्या खाचांत साचतं आणि नंतर घसरून श्वासमार्गात जातं. दाट पेयाने तहानही नीट भागत नाही, म्हणून माणूस कमी पितो; लघवी गडद होते, थकवा येतो. २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतल्या एका मोठ्या अभ्यासात स्मृतिभ्रंश आणि पार्किन्सनच्या रुग्णांत दाट पेय आणि हनुवटी छातीकडे झुकवून गिळणं यांची तुलना केली होती. न्यूमोनियात ठाम फरक दिसला नाही, पण शरीरातलं पाणी कमी होण्याचं प्रमाण दाट पेयवाल्यांत जास्त होतं. म्हणून जेवढ्यावर ठसका थांबतो तेवढीच पातळी ठेवावी, आणि ती दर काही आठवड्यांनी गिळण्याच्या थेरपिस्टकडून तपासून घ्यावी. स्नायूंना ताकद देतात ते व्यायाम: जोर लावून गिळणं, स्वरयंत्र वर उचलून क्षणभर धरणं, पाठीवर झोपून फक्त डोकं उचलणं. दात-जीभ रोज नीट घासणं याला पर्याय नाही. तोंडातले जंतू लाळेबरोबर फुप्फुसात गेले की न्यूमोनिया होतो.

औषधांच्या बाबतीत दोन गोष्टी. पॉलिइथिलीन ग्लायकॉल असलेलं, बद्धकोष्ठतेवर पोट साफ करायला देतात ते औषध स्टार्चने दाट केलेल्या पेयात मिसळलं तर पेय एकदम पातळ होतं. यावर सरकारी यंत्रणांनी इशारे दिलेले आहेत. आणि गोळ्या कुटून दाट पेयात द्यायच्या असतील तर आधी फार्मासिस्टला विचारा: हळू विरघळणाऱ्या गोळ्या कुटायच्या नसतात, आणि झँथनमध्ये काही औषधं उशिरा सुटतात.

बाळांसाठी हे डबे स्वतःच्या मनाने वापरू नयेत. अमेरिकेच्या एफडीए या अन्न-औषध नियामक संस्थेने २०११ मध्ये झँथनच्या एका उत्पादनाबाबत, ते मुदतपूर्व जन्मलेल्या बाळांना देऊ नये, असा इशारा दिला होता. आतड्यांचा गंभीर दाह झाल्याच्या नोंदी त्यामागे होत्या. मोठ्यांच्या बाबतीत धोका डबा कुठे ठेवता यात आहे. कोरडी पावडर तोंडात गेली की लाळेने फुगून श्वास अडवते. इंग्लंडच्या एनएचएस या सरकारी आरोग्यसेवेने फेब्रुवारी २०१५ मध्ये याच कारणासाठी सावधगिरीचा इशारा काढला. गोंधळलेल्या रुग्णाच्या उशाशी, पाण्याच्या तांब्याशेजारी हा डबा ठेवू नका. तो वरच्या फळीवर, झाकण घट्ट लावून ठेवा, आणि माप कोरडं पुसूनच आत टाका.