स्टॉकहोमचं वासा संग्रहालय: सुरुवात तोफांच्या झडपांपासून करा

स्टॉकहोममध्ये एकाच संग्रहालयापुरता वेळ असेल तर तो वासाला द्यावा. १६२८ साली बुडालेली स्वीडिश युद्धनौका इथे अख्खी उभी आहे: ६९ मीटर लांब, ९८ टक्के लाकूड मूळचं. आत शिरल्यावर बहुतेक जण थेट पिछाडीच्या कोरीवकामाकडे जातात. ते देखणं आहेच, पण जहाज का बुडालं हे समजायचं तर आधी खालच्या तोफमजल्याच्या झडपा (तोफांची तोंडं बाहेर काढायच्या खिडक्या) बघाव्यात.

१० ऑगस्टला पहिल्याच सफरीवर वासा जेमतेम १३०० मीटर गेली. दहापैकी चारच शिडं उभारली होती. वाऱ्याचा एक झोत आला, जहाज कललं, सलामीसाठी उघड्या ठेवलेल्या झडपांतून पाणी शिरलं आणि जहाज ३२ मीटर खोल गेलं. दीडशेपैकी तीसेक माणसं दगावली. एकंदर ६४ तोफा होत्या आणि २४ पौंडी (२४ पौंडांचा गोळा डागणाऱ्या) तोफा दोन्ही मजल्यांवर चढवल्या होत्या, त्यामुळे वरचा भार वाढला. तळाशी दगडांचं नीरम, म्हणजे जहाज स्थिर ठेवायला भरलेलं वजन, होतं सुमारे १२० टन. ते आणखी भरावं, तर जहाज पाण्यात खाली बसणार आणि झडपा पाण्याच्या आणखी जवळ येणार! सफरीआधी धक्क्यावर तीस माणसांना डेकवर इकडून तिकडे पळवून चाचणी घेतली होती. तीन फेऱ्यांतच जहाज इतकं डुलू लागलं की ॲडमिरल फ्लेमिंगने ती थांबवली. तरीही जहाज निघालं. चौकशी झाली, शिक्षा कुणालाच नाही. मुख्य कारागीर हेन्रिक हिबर्टसन तर आदल्या वर्षीच वारला होता.

जहाजावर सापडलेल्या मोजपट्ट्या चुकवू नका. काही बारा इंची स्वीडिश फुटाच्या, काही अकरा इंची ॲम्स्टरडॅम फुटाच्या. जहाजाच्या दोन्ही बाजूंच्या लाकडाची मापं सारखी का नाहीत, याचा अंदाज तिथे येतो.

लाकूड टिकलं कारण बाल्टिकच्या निमखाऱ्या पाण्यात लाकूड पोखरणारा जहाजकिडा जगत नाही. मुंबई-कोकणाच्या समुद्रात ही आशा नको. १९६१ मध्ये जहाज वर काढल्यावर ते नुसतं वाळवलं असतं, तर आक्रसून फुटलं असतं. म्हणून १७ वर्षं त्यावर पॉलिएथिलीन ग्लायकॉल (लाकडातल्या पाण्याची जागा घेणारं मेणासारखं रसायन) फवारलं. दुखणं संपलेलं नाही. २००० च्या पावसाळी उन्हाळ्यात हवेतली आर्द्रता वाढली आणि लाकडातल्या गंधकापासून झालेलं आम्ल पृष्ठभागावर फुटून आलं. गंजणारे हजारो बोल्ट काढून स्टेनलेस स्टीलचे बसवावे लागले. सांगाडा अजूनही हळूहळू वाकतो आहे. हे सगळं फलकांवर न लपवता लिहिलंय, आणि आमच्या मते या संग्रहालयाची सगळ्यात मोठी जमेची बाजू हीच.

खालच्या मजल्यावर बुडालेल्यांच्या हाडांचा विभाग आहे. त्यातला ‘जी’ सांगाडा अनेक वर्षं पुरुषाचा मानला जाई. २०२३ मध्ये डीएनएवरून तो बाईचा असल्याचं नक्की झालं. लहान मुलं सोबत असतील तर हा विभाग आधी स्वतः पाहून घ्यावा.

तक्रारी दोन. जहाजावर चढता येत नाही (योग्यच आहे, पण हिरमोड होतो). तोफमजल्याच्या प्रतिकृतीवर समाधान मानावं लागतं. दुसरी, लाकूड जपण्यासाठी उजेड मंद आणि हवा गार, अठरा-वीस अंशांची. उन्हाळ्यातही हलकं जाकीट लागेल, आणि फोटोसाठी फोन कठड्याला टेकवून धरावा. मूळ भडक रंग कसे होते ते १:१० प्रतिकृतीवर नीट दिसतं.

वेळ किमान दोन तास ठेवा. माहितीपट आणि इंग्रजी मार्गदर्शित फेरी तिकिटातच येते, तेव्हा आल्याआल्या फेरीची वेळ विचारावी. १८ वर्षांखालील मुलांना प्रवेश मोफत. शहरातून ७ नंबरची ट्राम किंवा स्लुसेनहून फेरीबोट. उन्हाळ्यात दुपारी रांग लांबते, म्हणून दार उघडताच पोचलेलं बरं.